बीफ खिम्याचं कॅसरोल : साधं, पोटभरीचं, घरच्या घरी

माडबन (म्हापसा)

१ जून ते ३१ जुलै ट्रॉलर किनाऱ्याला बांधलेले असतात. बाजारात येते ती नदीची नाहीतर बर्फातली मासळी, आणि तिचे भाव ऐकून पिशवी तशीच घडी करून परत यावंसं वाटतं. या दिवसांत आमच्या घरी खिमा जास्त होतो. सावंतवाडीला माहेरी आई जसा करायची तसा कोरडा खिमा, पोटॅटो चॉप (बटाट्यात खिम्याचं सारण भरून तळलेले), आणि रविवारी चर्चमधल्या मिसाहून आल्यावर ओव्हनमध्ये सरकवून द्यायचं हे कॅसरोल. खाली बटाटा, त्यावर परतलेला खिमा, पुन्हा बटाटा, त्यावर व्हाइट सॉस आणि चीज. पाच माणसं जेवतात, सोबत उंडे (गोव्यातले गोल पाव) असले की दुसरं काही लागत नाही.

या जातीचा पदार्थ जगभर आहे. पोर्तुगालमध्ये खिमा आणि कुस्करलेल्या बटाट्याचे थर लावून एंपादांव करतात, इंग्लंडात कॉटेज पाय, दक्षिण आफ्रिकेत वरून अंडं-दूध ओतून बोबोटी. अमेरिकेत घरोघरी खिमा, मॅकरोनी किंवा बटाटा घेऊन त्यावर मश्रूम सूपचा डबा ओततात. कॅम्पबेल कंपनीने ते सूप १९३४ साली आणलं आणि अशा एका भांड्यातल्या जेवणांना बरकत आली. आपल्याला डबा लागत नाही, दूध-मैदा घरात असतो. आणि गोव्यात ज्या घरी पोटॅटो चॉप होतात त्या घरी निम्मं काम येतंच, कारण सारण जवळजवळ तेच आहे. फक्त एकेक चॉप वळून, अंड्यात बुडवून, रव्यात घोळवून तळत उभं राहावं लागत नाही.

आधी खिम्याचं बोलते, कारण सगळी गंमत तिथे आहे. तयार करून ठेवलेला खिमा घेऊ नका. खांद्याचा तुकडा निवडा आणि समोर खिमा करून मागा. अंडरकट, म्हणजे सगळ्यात लुसलुशीत तुकडा, यात वाया जातो. किलोमागे दीडशे-दोनशे ग्रॅम चरबी असू द्या. सगळी चरबी काढायला लावलीत तर खिमा दाताखाली वाळूसारखा लागतो. मशीनमधून एकदाच काढायला सांगा, दोनदा काढला की त्याचा गोळा होतो.

अर्धा किलो खिम्याला तीन मध्यम कांदे, सात-आठ लसूण पाकळ्या, अंगठ्याच्या पेराएवढं आलं, दोन हिरव्या मिरच्या, तीन टोमॅटो, एक भोपळी मिरची. बटाटे अर्धा किलो. सॉसला दोन टेबलस्पून बटर, दोन टेबलस्पून मैदा, चारशे मिली दूध. चीज शंभर ग्रॅम, नेहमीचं वडीचं चालतं. आदल्या दिवशीचे दोन उंडे चुऱ्यासाठी. मीठ, मिरपूड, जायफळ, दालचिनीचा छोटा तुकडा, माडाच्या सुरेचं व्हिनेगर एक टेबलस्पून.

रुंद कढई किंवा लोखंडी तवा चांगला तापवा, अगदी थोडं तेल, आणि निम्मा खिमा पसरून टाका. मीठ नाही, झाकण नाही, आणि दोन मिनिटं ढवळायचंही नाही. सगळा खिमा एकदम टाकला की भांडं निवतं, पाणी सुटतं आणि खिमा स्वतःच्याच पाण्यात उकडतो. पाणी असेपर्यंत भांड्यातली उष्णता शंभर अंशांच्या वर जात नाही, आणि तो तपकिरी रंग, तो भाजका वास त्याच्या बराच वर गेल्याशिवाय येत नाही. कान द्या. सुरुवातीला रटरट आवाज येतो, पाणी आटलं की तोच आवाज बारीक आणि कोरडा होतो, चुरचुर असा. त्यानंतर आणखी तीन-चार मिनिटं. तळाला तपकिरी साय धरायला लागली की काढून ठेवा आणि उरलेला निम्मा तसाच करा.

त्याच कढईत, तळाची साय न घासता, कांदा आणि दालचिनी. कांद्याचं पाणीच ती साय सोडवतं. कांदा सोनेरी झाला की आलं-लसूण-मिरची, मग टोमॅटो आणि मीठ. टोमॅटो पार आटून कडेला तेल दिसेपर्यंत थांबा, घाई इथे करू नका. मग खिमा परत आत, भोपळी मिरची, मिरपूड, अर्धी वाटी पाणी, आणि मंद आचेवर वीस मिनिटं झाकून. शेवटी व्हिनेगर घालून झाकण काढा आणि कोरडं करा. उलथन्याने मधून रेघ ओढली तर दोन्ही बाजूंनी पाणी धावून येता कामा नये. दालचिनी काढून टाका.

गरम मसाला आणि धणे-जिरे पूड मी यात घालत नाही. वर दूध आणि चीज येणार आहे, त्यात मसाला मिसळला की दोघांचीही चव गढूळ होते. व्हिनेगर मात्र सोडू नका. एवढ्या चरबीला आणि चीजला कापायला काहीतरी आंबट हवंच.

बटाट्यांचे पाव इंचाचे काप करून खारट पाण्यात उकळा, सुरी जाईल पण काप मोडणार नाही इतपत. चाळणीत निथळून कापडावर पसरा. सॉससाठी बटरमध्ये मैदा दोन मिनिटं, रंग न बदलता, मग कोमट दूध तीन वेळा करून, प्रत्येक वेळी गुठळी मोडून. चमच्याच्या पाठीला धरेल इतका दाट. जायफळ किंचित.

नऊ इंची खोलगट डिशला बटर लावा. तळाला बटाट्याच्या कापांचा एक थर, मग सगळा खिमा दाबून, मग उरलेले काप, मग सॉस, किसलेलं चीज, वर बटर लावलेला पावाचा चुरा. आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये १८० अंशांवर तीस मिनिटं, कडेने बुडबुडे येईपर्यंत. आणि बाहेर काढल्यावर पंधरा मिनिटं हात लावायचा नाही. लगेच कापलंत तर ताटात आमटी होते. मुरलं की चौकोन सरळ निघतो.

सोबत कांदा उभा चिरून व्हिनेगर-मीठ लावलेला, आणि उंडे.

---

चुलीजवळ

छान सविस्तर लिहिलंय ताई. एक मूलभूत शंका. खिमा धुवायचा कधी? आमच्याकडे न धुतलेलं मांस चुलीवर चढत नाही. मी बारीक चाळणीत घेऊन नळाखाली धरते, पण नंतर कितीही परतला तरी पाणी सुटतच राहतं. तुमची ती चुरचुर मला कधी ऐकूच आलेली नाही.

माडबन

चुलीजवळ, तुमच्या प्रश्नातच उत्तर आहे. खिमा झाला की मांसाला असंख्य बाजू होतात आणि प्रत्येक बाजू पाणी धरून बसते. चाळणीतून कितीही निथळा, ते निघत नाही. शिवाय धुऊन जंतू जात नाहीत, ते शिंतोड्यांबरोबर ओट्यावर आणि शेजारच्या कोशिंबिरीवर जातात. जंतू मरतात ते शिजवल्याने.

पण धुतल्याशिवाय मनाला पटत नसेल तर अखंड तुकडा आणा. तो हळुवार धुवा, स्वच्छ कापडाने टिपून अगदी कोरडा करा, दीड इंची तुकडे करून अर्धा तास फ्रीझरमध्ये कडक होऊ द्या आणि मिक्सरच्या भांड्यात थोडे-थोडे घालून थांबत-थांबत फिरवा. खाटकाच्या मशीनइतका सारखा येत नाही पण कॅसरोलला उत्तम. सिंक आणि ओटा नंतर साबणाने धुवा.

चुलीजवळ

हे करता येईल. सासूबाईंनाही चालेल.

तारवटी

बोटीवर बरीच वर्षं गॅलीत, म्हणजे तिथल्या स्वयंपाकघरात, काम केलं आहे, आता घरी कुठ्ठाळीला असतो. ताईंनी लिहिलेलं सगळं पटलं, दोन गोष्टींची भर घालतो.

अखंड तुकड्याला जंतू असतात ते बहुतेक बाहेरच्या बाजूला. तो बाहेरून भाजला की झालं, म्हणून लोक स्टेक आतून लाल खाऊ शकतात. खिम्यात बाहेरचं सगळं आत मिसळलेलं असतं. म्हणून खिमा आतपर्यंत शिजलाच पाहिजे. गॅलीत आम्ही थर्मामीटर खुपसून बघायचो, मध्यभागी ७१ अंश. रंगावर भरवसा ठेवू नका, खिमा करडा दिसतो पण आत तापलेला नसतो, असं होतं. ताईंच्या पद्धतीत खिमा आधीच पुरता शिजतो त्यामुळे प्रश्न येत नाही, पण पुष्कळ जण परतणं अर्धवट सोडून बाकीचं ओव्हनवर ढकलतात. मोठ्या खोल ट्रेमध्ये मधला भाग तापायला फार वेळ घेतो.

दुसरं, कच्चा खिमा आणल्या दिवशी नाहीतर दुसऱ्या दिवशी संपवा, तोही फ्रीजमध्ये ठेवून. पुढे ठेवायचा असेल तर आणल्या-आणल्या चपटी पिशवी करून फ्रीझरमध्ये. गोळा करून ठेवला तर बाहेरून सुटतो आणि आत दगड राहतो. ओट्यावर वितळत ठेवू नका, आदल्या रात्री खालच्या कप्प्यात.

मुठेकाठ

पुण्याहून. आमच्याकडे २०१५ पासून बैलाचं मांसही बंद आहे आणि घरी तसंही मटणच येतं. प्रमाण तेच ठेवू का?

माडबन

मटणाचा खिमा घ्या, तेच प्रमाण. मटणाची चरबी गार झाली की टाळूला चिकटते, म्हणून परतल्यावर भांड्यात साठलेली चरबी चमचाभर ठेवून बाकी काढून टाका, आणि डिश गरमच वाढा. मंद आचेवर दहा मिनिटं जास्त. पुदिन्याची पाच-सहा पानं घातलीत तर मटणाला शोभतात, बीफला मी घालत नाही.

चिकनचा खिमा घेणार असाल तर उलट, त्याला चरबी कमी असते, एक चमचा बटर वाढवा आणि वीसऐवजी दहा मिनिटंच शिजवा.

खाडीकाठ

ओव्हन नसलेल्यांनी काय करायचं? आणि असला तरी पावसात आमच्या गावी वीज कधी जाईल सांगता येत नाही. अर्धवट भाजलेलं कॅसरोल घेऊन बसायचं का?

फणसाची_साट

खाडीकाठ, मी वर्षभर गॅसवरच करते. बघा कसं ते.

वरची उष्णता ही खरी अडचण आहे. आपल्याकडे बेबिंक (थरांचा गोड केक) करताना जुन्या बायका भांड्यावर पत्रा ठेवून त्यावर नारळाच्या सोडणांचे निखारे ठेवायच्या ते याचसाठी. प्रत्येक थर वरून भाजला गेला पाहिजे. आईकडे मातीचं भांडं आणि निखारे होते तेव्हा हेही तसंच व्हायचं, आणि त्याला जो धुराचा वास यायचा तो ओव्हनला कधीच येत नाही. गॅसवर वरचे निखारे नाहीत. म्हणून वरचा रंग आधीच करून घ्यायचा.

पावाचा चुरा बटरमध्ये तव्यावर खमंग, तांबूस होईपर्यंत परता आणि बाजूला ठेवा. जाड बुडाच्या मोठ्या कढईत स्टँड ठेवून झाकण लावून दहा मिनिटं रिकामीच तापवा. डिश अॅल्युमिनियमची घ्या, काचेची नको. थर इंच-दीड इंचाचेच लावा, जाड नकोत. चीजपर्यंत सगळं लावून डिश स्टँडवर ठेवा, झाकणाला कापड गुंडाळा म्हणजे वाफेचं पाणी सॉसवर टपकणार नाही. कापडाची टोकं वर बांधा, ज्योतीजवळ लोंबू देऊ नका. मंद आचेवर पस्तीस-चाळीस मिनिटं. खिमा आणि बटाटा दोन्ही शिजलेले असतात, फक्त तापून एकमेकांत मुरायचे असतात. उतरवल्यावर परतलेला चुरा वरून पेरा. खाणाऱ्याला कुरकुरीतपणा मिळतो.

निखाऱ्यांची सोय असेल आणि अंगण असेल तर मात्र एकदा तसंच करून बघा.

खाडीकाठ

अंगण आहे, सोडणांना तर तोटाच नाही. रविवारी करतो.

साष्टीकर

मांस मिळण्याबद्दल कुणीतरी लिहायला हवं म्हणून लिहितो, बाहेरचे वाचक विचारतात. गोव्यात गाईच्या कत्तलीला १९७८ च्या कायद्याने बंदी आहे. बैलांसाठी १९९५ चा कायदा आहे, सक्षम अधिकाऱ्याच्या दाखल्याशिवाय कत्तल होत नाही. सरकारी कत्तलखाना म्हणजे फोंडा तालुक्यातलं उसगावचं गोवा मीट कॉम्प्लेक्स. पण जनावरं आणि मांस मोठ्या प्रमाणात कर्नाटकातून येतं, आणि तिथला नवा कायदा २०२१ च्या सुरुवातीला लागू झाला. तेरा वर्षांवरच्या म्हशी-रेड्यांखेरीज बाकी सगळ्यावर तिथे बंदी आली. त्यानंतर आपल्याकडचा पुरवठा मधूनमधून अडतो. २०२४ च्या नाताळाच्या तोंडावर तर विक्रेत्यांनी दुकानंच बंद ठेवली होती.

तात्पर्य इतकंच की डिसेंबरात लागणार असेल तर आधी सांगून ठेवा. आणि विकत घेताना बिनदिक्कत विचारा की बैलाचं आहे की म्हशीचं, सांगतात. मडगावच्या बाजारात सकाळी लवकर गेलात तर निवडायला मिळतं.

तिखटमीठ

म्हशीच्या खिम्याने काही फरक पडतो का?

माडबन

पडतो. म्हशीचं मांस गडद असतं आणि चरबी कमी, पांढरीशुभ्र. खिमा करताना थोडी चरबी वेगळी मागून घ्या, नाहीतर परतताना एक चमचा तेल जास्त. रंग आधीच गडद असल्यामुळे तपकिरी झाला की नाही हे डोळ्यांना कळत नाही, तिथे आवाजावरच जायचं. जनावर वयाने मोठं असेल तर वीसऐवजी पस्तीस-चाळीस मिनिटं झाकून शिजवा, पाणी वाटीभर. व्हिनेगर शेवटीच.

साष्टीकर, हे लिहिलंत ते बरं झालं. खाणारा आणि न खाणारा दोघेही इथे वाचतात आणि अर्धवट माहितीवर उगाच शब्दाला शब्द वाढतो.

दुपारचा_चहा

मी शाकाहारी आहे, तरी सगळं वाचलं. सोयाच्या चुऱ्याचं होईल का?

फणसाची_साट

होईल. चुरा गरम पाण्यात भिजवून घट्ट पिळा, दोनदा पाणी बदला, मग ताई म्हणतात तसाच कोरडा परता. त्याला स्वतःची चरबी आणि चव नाही, म्हणून कांदा दुप्पट आणि बारीक चिरलेले मश्रूम मूठभर. मला मसुरीची डाळ अख्खी शिजवून केलेलं जास्त आवडतं, ते खरं पोटभरीचं होतं.

तिखटमीठ

बटाट्याऐवजी मॅकरोनी? मुलांना तीच हवी असते.

माडबन

दोनशे ग्रॅम कोरडी मॅकरोनी, पाकिटावर लिहिलेल्या वेळेच्या दोन-तीन मिनिटं आधी उतरवा, ओव्हनमध्ये ती सॉस पिऊन फुगते. म्हणून दूधही शंभर मिली जास्त. निम्म्या सॉसमध्ये मॅकरोनी कालवा, खाली ती, मध्ये खिमा, वर पुन्हा ती. मला स्वतःला बटाटाच आवडतो, त्यात खिम्याचा रस उतरतो आणि तळाचा थर तर नुसता खावा असा होतो.

मुठेकाठ

केलं! मटणाचं, पुदिना घालून. खिमा दोन वेळा करून परतला आणि तो आवाज बदलतो तो खरोखर कळतो. पंधरा मिनिटं थांबणं सगळ्यांना जड गेलं. एक विचारायचं होतं. पुढच्या शनिवारी बारा माणसं आहेत, आदल्या दिवशी लावून ठेवता येईल का?

माडबन

वा, मस्त! येईल. खिमा आणि सॉस दोन्ही गार झाल्यावरच थर लावा, गरम खिम्यावर गार सॉस घालून झाकलंत की आत वाफ धरते आणि बटाटा आंबूस होतो. चीजपर्यंत लावून, झाकून फ्रीजमध्ये. चुरा आयत्या वेळी. बारा जणांना एक मोठी डिश करू नका, तारवटी म्हणाले तसा मधला भाग तापत नाही. तीन लहान करा.

तारवटी

आणि डिश काचेच्या असतील तर फ्रीजमधून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये नको, तडकतात. अर्धा तास आधी बाहेर काढा. गार डिशला तीसऐवजी पंचेचाळीस ते पन्नास मिनिटं धरा, पहिली वीस वरून फॉइल लावून, नाहीतर वरचं करपेल आणि आतलं गारच राहील. उरलं तर दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. दुसऱ्या दिवशी चौकोन कापून तव्यावर बटर टाकून दोन्ही बाजूंनी भाजा, उंड्यात घालून न्यायला फार चांगलं.

मुठेकाठ

तीन डिश, फॉइल, चुरा शेवटी. शनिवारी करून लिहिते. उंडे पुण्यात मिळत नाहीत, लादी पावाचा चुरा चालेल ना?

माडबन

चालेल. फक्त एक दिवस उघडा ठेवून वाळवा, लादी पाव मऊ असतो, ताज्याचा चुरा होत नाही, गोळे होतात.